काँक्रीट लिहा, बाई

माणूस दुसऱ्याच्या दारात आला की चपला काढतो, नमस्कार करतो, पंख्याखाली जागा कुठे आहे ते हळूच बघून ठेवतो. आमच्या ऑफिसातले एक गृहस्थ यातलं काही करायचे नाहीत. आत पाऊल टाकलं की उजव्या हाताचं मधलं बोट वाकवायचे आणि जवळची भिंत ठोकायचे. टक्, टक्. मान जराशी तिरकी, डोळे मिटलेले. मग निकाल. "भरीव आहे." नाहीतर, "पोकळ."

आमच्या ऑफिसचं पार्टिशन पोकळ होतं. माझं टेबल पोकळ होतं. साहेबांच्या केबिनमधला तो गोल खांब, ज्याला दर दसऱ्याला आम्ही झेंडूची माळ गुंडाळायचो, तोही पोकळ निघाला. आत नुसता पाण्याचा पाइप होता. करी रोडला त्यांच्या चाळीशेजारी टॉवर उभा राहिला तेव्हा भाच्याबरोबर नमुन्याचा फ्लॅट बघायला गेले आणि हॉलपासून न्हाणीघरापर्यंत एकेक भिंत ठोकत सुटले. टाय लावलेला विक्रीवाला मागे मागे, "सर, प्लीज सर," करत होता. शेवटी यांनीच त्याला धीर दिला. "तुमची चूक नाय ओ. तुम्ही थोडीच बांधलीय."

असा माणूस तुम्हीही कुठेतरी पाहिला असेल. त्याच्या लकबीला आपण हसतो, आणि ती लकब त्याला लागली कुठून हे विचारायचं राहून जातं. मीही खूप हसलेय. आता त्या हसण्याचा मला राग येतो.

आमच्याकडे ते तांडेल होते. तांडेल म्हणजे बोटीवरच्या खलाशांचा म्होरक्या; पण यांच्या हाताखाली एकही खलाशी नव्हता. सगळं खातं त्यांना 'तांडेल' म्हणूनच हाक मारायचं. त्यांचं खरं नाव मी लिहीत नाही. एकदा ते भलत्या कागदावर लिहिलं गेलं, तेवढं पुष्कळ झालं. खात्याचंही नाव घेत नाही. बंदराच्या बाजूचं एक सरकारी खातं, इतकंच धरा. मी तिथल्या भांडार शाखेत कारकून. गिरगावातून निघायचं, रे रोडच्या लाकडाच्या वखारींमधून साडीला भुसा लागू न देता डेपो गाठायचा आणि संध्याकाळपर्यंत रजिस्टरं भरायची, हा माझा जन्म.

तांडेलांच्या ताब्यात एक बार्ज होती. बार्ज म्हणजे इंजिन नसलेली, दुसऱ्या बोटीनं ओढून न्यायची सपाट मालवाहू बोट. गुरांना पाणी पाजायची दगडी डोणी मोठी करून समुद्रात सोडावी, तशी दिसायची. मी पहिल्यांदा बघितली तेव्हा नवी होते, तोंडाला फाटक नव्हतं. म्हटलं, "अहो तांडेल, ही सिमेंटची आहे की काय? तरंगते कशी?"

त्यांचा चेहरा असा उजळला, जसं काही मी त्यांच्या नातवाचा नंबर आल्याचं सांगितलंय. "बघा! तुम्हाला दिसलं. हापिसात कुणाला दिसत नाय."

मग त्यांनी मला तिची सगळी नोकरी ऐकवली. हो, नोकरीच म्हणायचे ते. "हिची नोकरी माझ्या बापापेक्षा मोठी आणि माझ्यापेक्षा तर लईच मोठी." मोठ्या लढाईच्या दिवसांत पोलाद सगळं तोफांकडे आणि रणगाड्यांकडे जायचं. युद्धनौकांना पाणी आणि दाणागोटा पोचवणाऱ्या गरीब बार्जना पोलाद कोण देतो? म्हणून त्या काँक्रीटच्या ओतल्या. आत सळ्यांची जाळी, वर काँक्रीट. ओतायला घेतलं की थांबायचं नाही, थांबलं की सांधा कच्चा राहतो. म्हणून माणसं पाळीपाळीनं घमेली वाहत राहिली. त्यांचे वडील त्या घमेलेवाल्यांत होते. पुढे त्याच बार्जवर त्यांना पाणी भरायच्या कामावर घेतलं.

लढाईत हिनं पीठ नेलं, बटाटे-कांदे नेले, घासलेट नेलं, आणि सगळ्यात जास्त गोडं पाणी नेलं. लढाई संपली, गोऱ्यांच्या बोटी गेल्या, ही आमच्या खात्याच्या गळ्यात आली. मग बंदरात थांबलेल्या बोटींना पाणी पुरवायचं काम. मग एका तुफानात धक्क्यावर आपटली, कोपरा गेला, तो यांच्या वडिलांनी भरून काढला. मग तरंगतं गोदाम. गिरण्यांचा संप झाला त्या वर्षी तिचा धक्का केला. लहान होड्या तिला लागायच्या. आणि शेवटी रे रोडच्या बाजूला चिखलात टेकून उभी. तांडेलांना प्रत्येक ठिगळ तोंडपाठ. "हे आमच्या थोरलीच्या लग्नाच्या वर्षीचं. हे बाप वारला तेव्हाचं, जरा वाकडं झालं, हात थरथरत होता."

आत पाण्याच्या टाकीत मला कंदील धरून उतरवलं होतं. भिंतीवर अर्धगोल उमटलेला, ओल्या काँक्रीटवर घमेल्याची कड टेकल्याचा. "हे बापाचं घमेलं," तांडेल म्हणाले, आणि ठोकून दाखवलं. "भरीव आहे."

आणि ती ठोकायची लकब? ती इथली. त्यांच्याकडे एक लहान हातोडी होती, घामानं दांडा काळा झालेली. ओहोटी लागली की चिखलात उतरायचे आणि वीतभर अंतरानं बार्ज ठोकत जायचे. काँक्रीट भरीव असेल तिथे टणटणीत आवाज. आत पाणी शिरून सळी फुगलेली असेल तिथे भद्द. भद्द वाजलं की खडूनं फुली. मग तेवढं फोडायचं, सळी घासायची, सिमेंट भरायचं, ओलं गोणपाट टाकून ठेवायचं. वडिलांनी शिकवलेलं काम. खात्यात दुसऱ्या कुणाला येत नव्हतं, आणि कुणाला शिकायचंही नव्हतं.

आता माझ्या पापाकडे येते.

आमच्याकडे साठ्याचं रजिस्टर होतं. दर मार्चला नवं भरायचं. बोटींच्या पानावर 'बांधणी' असा रकाना, आणि त्याच्या पोटात दोनच घरं छापलेली. लाकडी, लोखंडी. संपलं. ज्या कुणा शहाण्यानं तो फॉर्म छापला त्याला काँक्रीटची बोट असू शकते हे ठाऊक नव्हतं, आणि पहिल्या कारकुनानं ती लाकडी नाही, म्हणून लोखंडी लिहिली. पुढच्यानं खाली लिहिलं 'ऐजन', म्हणजे वरीलप्रमाणेच. त्याच्या पुढच्यानं ऐजन. माझ्या आधी जे होते त्यांनी ऐजन. आणि मी? मी काय आकाशातून पडले होते? मीही ऐजन.

दर मार्चला तांडेल सही करायला यायचे. टेबल ठोकायचे, पान उलटायचे आणि म्हणायचे, "काँक्रीट लिहा, बाई."

"तांडेल, रकाना नाही."

"नाय तर पाडा."

"मला नवा रकाना पाडायचा अधिकार नाही हो."

"मग ज्याला हाय त्याला सांगा."

मी सांगितलंही, एकदा. साहेबांनी वर न बघता विचारलं, "यंदाच काय प्रॉब्लेम आला? पुढच्या वर्षी बघू." पुढच्या वर्षी साहेब बदलले. मग मी सांगायचं सोडलं. माझा मार्च महिना काय मोकळा होता? असं स्वतःला समजावलं की झोप लागते. तांडेल सही करायचे, कारण सही केली नाही तर पगाराचा कागद अडायचा, आणि जाताना न चुकता, "पुढल्या साली काँक्रीट लिहा."

बार्ज कागदावर लोखंडी, म्हणून तिला दर वर्षी रेड ऑक्साइड मंजूर व्हायचं. लोखंडाला गंज धरू नये म्हणून मारतात तो तांबडा रंग. दोन मोठे डबे, सहीनिशी. तांडेल पहिल्या वर्षी ते परत घेऊन आले. भांडारवाल्यानं हात जोडले. "परत घेतले तर मागणी चुकीची होती असं होईल. नेऊन काहीही करा." मग तांडेलांनी ते काहीही केलं. होड्या बांधायचे खुंटे रंगवले. फाटक रंगवलं. कँटीनचे बाक, सायकलचा स्टँड, कचऱ्याचे डबे, पिंपळाच्या पाराचा कठडा. आमच्या डेपोत तांबडं न झालेलं एक साहेबांचं टेबल तेवढं उरलं होतं. नव्या बदलून आलेल्या माणसाला आम्ही गमतीनं सांगायचो, इथे फार वेळ एका जागी उभा राहू नकोस.

सिमेंटच्या दोन गोण्याही दर वर्षी लागायच्या, त्या मात्र खऱ्या कामाला. लोखंडी बार्जला सिमेंट कसं मंजूर करणार? मी 'किरकोळ दुरुस्ती' म्हणून लिहून द्यायचे. मोठी अक्कल लढवल्यासारखं वाटायचं मला. तांडेलांनाही वाटायचं बाई आपल्या बाजूच्या आहेत.

त्यांच्या निवृत्तीला वर्ष उरलं असताना बार्जचा लिलाव निघाला. 'जुनी लोखंडी बार्ज, भंगारात'. मी नोटीस टाइप केली. माझ्या दोन हातांनी केली. दारूखान्याच्या, म्हणजे जुन्या बोटी फोडतात त्या भागातल्या, एका भंगारवाल्यानं कागद वाचून बोली लावली, लांबून काठावरूनच बघितली, वरून ठिकठिकाणी शेवाळ आणि चिखल, दिसणार काय त्याला? ताबा घेतल्यावर त्याची माणसं गॅसकटर घेऊन आली. तांडेल फाटकापाशी उभे राहून सांगत होते, "अरे बाबांनो, नका लावू, तोंडावर उडेल." कोण ऐकतो? नळा पेटवून काँक्रीटला लावला, आणि तडातड चिपा उडायला लागल्या. कटरवाला मागे उडी मारून ओरडला, "अरे ये तो पत्थर है! लोहा किधर है?"

झालं. भंगारवाल्यानं तक्रार केली. लोखंड विकलंत, लोखंड द्या. त्याचं चुकलं काय? आता तुम्ही मला सांगा, तुमच्या-माझ्यासारखा माणूस काय करील? उठून जाईल, बार्ज बघेल, कपाळाला हात लावेल आणि फॉर्म चुकला म्हणून कबूल होईल. पण मग इतक्या वर्षांच्या इतक्या साहेबांच्या सह्या चुकीच्या ठरतात ना! म्हणून चौकशी लागली. विषय काय, तर लोखंड गेलं कुठे. आणि ज्याच्या ताब्यात बार्ज होती तो माणूस उभा केला. तांडेलांच्या नावानं आरोपपत्र निघालं.

चौकशीला मला रजिस्टरं घेऊन बसवलं होतं, म्हणून ही सगळी शोभा मी डोळ्यांनी बघितली. चौकशी अधिकारी तरुण, इस्त्रीचा शर्ट, बोलणं अगदी गोड. तांडेल आले, टेबल ठोकलं. अधिकाऱ्यानं भुवई वर केली.

"हे रेड ऑक्साइड घेतल्याच्या सह्या तुमच्या?"

"माझ्याच."

"हा रंग कशाला मारतात?"

"लोखंडाला."

"म्हणजे बार्ज लोखंडी होती, हे तुम्हाला मान्य होतं."

"नाय साहेब. रंग लोखंडाचा होता."

"बरं. आणि ही सिमेंटची मागणी?"

"ती तिच्यासाठी."

"लोखंडी बार्जला सिमेंट कशाला लागतं?"

"लोखंडी नव्हती म्हणून लागतं."

साहेबांनी बराच वेळ लिहिलं आणि वाचून दाखवलं. 'आरोपीने वेळोवेळी लोखंडी पत्रे काढून त्या जागी सिमेंट भरले असावे.'

असावे! अख्खी बार्ज, एकट्या माणसानं, चिखलात उभं राहून, पत्रा पत्रा सोलली आणि काँक्रीटची केली, आणि ती तरीही तरंगत राहिली! हे एका शिकल्यासवरल्या माणसानं डोळे उघडे ठेवून लिहिलं. माझ्या अंगाची लाही लाही झाली. तांडेलांनी पिशवीतून हातोडी काढली, टेबलावर ठेवली. "चला साहेब. इथनं दहा मिनिटं. एकदा ठोकून बघा, मग काय लिहायचं ते लिहा."

"चौकशीत स्थळपाहणीची तरतूद नाही," साहेब म्हणाले. "आणि ती उचला टेबलावरून."

मग माझ्याकडे वळले. "बाई, नोंदी तुमच्या हातच्या आहेत. बार्ज कशाची होती?"

माझ्या तोंडापर्यंत आलं होतं. काँक्रीटची, साहेब, मी टाकीत उतरून बघितलीय. त्यांनी लगेच पुढे जोडलं, अगदी गोड आवाजात, "म्हणजे नोंद खोटी असेल तर तसं लेखी द्या. दर वर्षी जाणूनबुजून खोटी नोंद केली, असं. मग तुमचीही चौकशी लावावी लागेल."

घरी सासूबाई अंथरुणाला खिळलेल्या, लेकीची बारावी, ह्यांची कंपनी बंद पडून सहा महिने झालेले. ही कारणं खरी आहेत. पण कारणं म्हणून सांगायची लाज वाटते. मी म्हटलं, "रजिस्टरात लोखंडी आहे, साहेब. तेवढंच मला सांगता येईल."

तांडेलांनी माझ्याकडे बघितलं. रागानं नाही. हात पुढे केला आणि माझ्यासमोरचं रजिस्टर पेरानं ठोकलं. टक्, टक्. "पोकळ," म्हणाले आणि खुर्चीत मागे टेकले.

त्या रविवारी मी करी रोडला त्यांच्या घरी गेले. माफी मागायची म्हणून गेले आणि तासभर हवापाण्यावर बोलत बसले. दीड खोली, भिंतीवर बुद्धाची तसबीर, खाली वडिलांचा जुना फोटो, बारीक चणीचा माणूस, हातात रबरी नळी. वहिनींनी चहा दिला. एक शब्द टोचून बोलल्या नाहीत. बोलल्या असत्या तर बरं वाटलं असतं.

शेवटी तांडेलच म्हणाले, "बाई, बाप गावाकडं विहिरीला हात लावू शकत नव्हता. काठावर उभा राहायचा, कुणी वरनं ओतेल तर ओतेल. तो मुंबैला आला, आणि लढाईत एवढ्या मोठमोठ्या बोटींच्या टाक्या त्यानं त्या नळीनं भरल्या. गोरे प्यायले, आपले प्यायले, बामण, मराठे, सगळे प्यायले. कुणी विचारलं नाय पाणी कुणाच्या हातचं. त्याला एवढंच कौतुक होतं. मरेपर्यंत सांगायचा, मी घमेली वाहिली त्याच टाकीतनं पाणी दिलं." चहाची बशी खाली ठेवली. "आता कागदावर अशी बार्जच नाय. मग त्यानं घमेली वाहिली कशात? मला चोर लिवलं ते नंतर बघू. आधी काँक्रीट लिहा."

त्या संध्याकाळी घरी स्वयंपाक करताना भांडी आपटत होते एवढं आठवतं.

बार्ज शेवटी फोडलीच, ब्रेकर लावून. घमेल्याच्या खुणेसकट. आतल्या सळ्यांची जाळी बाहेर निघाली, गंजकी, वाकडी, फार नाही. ती भंगारवाल्यानं उचलली, आणि आमच्या खात्यानं काय केलं ऐका. चौकशीचा निकाल दिला. 'गहाळ लोखंडापैकी काही लोखंड सिमेंटमध्ये लपविलेले आढळले. अंशतः वसुली झाल्याने व आरोपीचे वय लक्षात घेता ताकीद देऊन प्रकरण दप्तरदाखल करण्यात येत आहे.'

लपविलेले! काँक्रीटच्या पोटात सळ्या असतात हे गवंड्याकडे वाळू चाळणारी बाई सांगेल. पण नाही. यांच्या कागदात तांडेल म्हणजे चोरलेल्या लोखंडातलं थोडं परत केलेला चोर, वयाकडे बघून सोडून दिलेला. मेल्यांना दयाही आली होती!

तो कागद माझ्या टेबलावर आला नोंदीला. मी रजिस्टर उघडलं. लाल शाईचं पेन घेतलं. 'ऐजन' खोडलं, वर लिहिलं 'काँक्रीट', शेजारी माझी पूर्ण सही, तारीख. मग कपाटातली मागची सगळी रजिस्टरं काढली आणि माझ्या हातचे सगळे ऐजन तसेच खोडत गेले. शेजारची विचारत होती, "अगं, तुला वेड लागलंय का?" म्हटलं, "लागायला उशीर झाला."

आठवड्यात मला मेमो. अनधिकृत खाडाखोड. माझ्या प्रत्येक 'काँक्रीट'वर हिरव्या शाईनं आडवी रेघ, वर पुन्हा 'लोखंडी', साहेबांची सही, शिक्का. मला दुसऱ्या शाखेत टाकलं, टपाल आवक-जावक. माझं त्यापलीकडे काही वाकडं झालं नाही. म्हणजे मी चौकशीत बोलले असते तरी एवढंच झालं असतं. हे मला तेव्हा कळलं, आणि ते कळणं मेमोपेक्षा वाईट होतं.

तांडेलांचा निरोप. आमच्याकडे रीत अशी, की शेवटच्या दिवशी शाल, नारळ, हार, आणि हार गळ्यात तसाच ठेवून सगळी मंडळी माणसाला त्याच्या घरापर्यंत पोचवायला जातात. चाळीत बायका गॅलरीत उभ्या असतात, तो हार बघायला. माणसानं नोकरी नीट केली याचा तो पुरावा. युनियनवाल्यांनी हौसेनं मोठा हार आणला होता. साहेबांनी घातला. तांडेलांनी दोन्ही हातांनी तो उचलून काढला, नीट घडी केल्यासारखा टेबलावर ठेवला.

"साहेब, आधी काँक्रीट लिहा. मग मी घालीन."

 कोणीतरी टाळ्या वाजवल्या आणि मध्येच थांबले. मी मागून त्यांच्याजवळ गेले. म्हटलं, "तांडेल, मी लिहिलं होतं. खोडलं त्यांनी."

"खोडलेलं वाचता येतं का?"

"येतं. खालचं लाल दिसतं."

"मग निम्मं झालं," म्हणाले, आणि हातोडी पिशवीत टाकून एकटे चालत गेले. पोचवायला कुणाला येऊ दिलं नाही.

त्यानंतर मी आणि ते, आमचा एकच उद्योग. दर मार्चला मी अर्ज टाइप करायचे, ते सही करायचे. 'नोंद दुरुस्त करण्याबाबत.' मी निवृत्त झाल्यावरही. उत्तर कधी आलं नाही. एकदा आलं ते असं, की सदर बार्ज अस्तित्वात नसल्याने तिची बांधणी बदलता येत नाही. तांडेल खूप हसले त्या दिवशी. खोकला येईपर्यंत हसले. मग म्हणाले, "पुढल्या साली परत टाका."

मागच्या हिवाळ्यात ते गेले. भाच्याचा फोन आला, जलदान विधी, म्हणजे बौद्धांकडचं गेलेल्या माणसाचं कार्य, रविवारी, चाळीच्या हॉलमध्ये. मी दादरला उतरून पांढऱ्या शेवंतीचा हार घेतला. आणि बरोबर एक वही घेतली. आदल्या चार दिवसांत मी त्या बार्जची सगळी नोकरी त्यांनी सांगितली तशी लिहून काढली होती. वर मी स्वतः पट्टीनं रकाने आखले होते.

हॉल भरला होता. त्रिशरण झालं, वंदना झाली, लोक उठून चार-चार शब्द बोलत होते. पुढे टेबलावर तांडेलांचा फोटो, मेणबत्ती, सुटी फुलं. हार एकही नाही. लोक हार घेऊन येत होते आणि वहिनी हातानं खूण करून बाजूच्या खुर्चीवर ठेवायला लावत होत्या. ढीग झाला होता खुर्चीवर. मला वाटलं, सगळं झाल्यावर एकदम घालायचे असतील.

माझी पाळी आली तेव्हा मी वही उघडली.  वाचलं: "प्रकार, पाणी व रसद पुरवणारी बार्ज. बांधणी, काँक्रीट. ओतणारे, घमेली वाहणारे मजूर, त्यांत तांडेलांचे वडील. काम, लढाईच्या काळात युद्धनौकांना गोडं पाणी, पीठ, भाजी, घासलेट. नंतर बंदरातल्या बोटींना पाणी. नंतर गोदाम. नंतर धक्का. दुरुस्ती, आधी वडील, मग मुलगा. शेवटपर्यंत आत पाणी आलं नाही."  मागे कुणीतरी म्हातारा, "बरोबर," असं म्हणाला.

मी हार घेऊन फोटोजवळ गेले. वहिनी उठून शेजारी आल्या. त्यांनी माझ्या हातातली वही बघितली, लिहिलेल्या शब्दावर बोट ठेवलं.

"हे हापिसात लिहिलंय?"

"नाही वहिनी. ही माझी वही आहे."

"हापिसात काय हाय?"

"लोखंडी," मी म्हटलं.

त्यांनी माझा हात धरला, अगदी मायेनं धरला. "मग राहू दे, बाई. त्यांनी सांगून ठेवलंय. जिवंतपणी घातला नाय, मेल्यावरही हापिसात काँक्रीट लिहिल्याशिवाय घालू नका, म्हणाले. आता त्यांना काढून ठेवता येणार नाय ना."

खुर्चीवर जागा नव्हती. हार तसाच कागदात गुंडाळून मी गिरगावात घरी आणला.